मऊ उजेडाचा मोतीबिंदू

सिनेमात फ्लॅशबॅक सुरू होतो. नायक आता चार वर्षांचा आहे. पुढचं दृश्य मी डोळे मिटून सांगतो: खिडकीतून तिरपा सोनेरी उजेड, त्यात तरंगणारे धूलिकण, आईच्या मोकळ्या केसांना चमकती कड, आणि अख्ख्या चित्रावर दुधावरच्या सायीसारखा पातळ थर. मागे हळुवार पियानो. विम्याच्या जाहिरातीत हेच, बिस्किटाच्या जाहिरातीत हेच, आणि सणासुदीला मोठमोठ्या दिग्दर्शकांच्या सिनेमांतही हेच. बालपण म्हटलं की हे डिफॉल्ट सेटिंग. कुणी बदलायच्या भानगडीतच पडत नाही.

आणि समीक्षक लिहितात, "मुलाच्या नजरेतून टिपलेलं जग". मंडळी, माझा आक्षेप नेमका याच वाक्याला आहे. ही मुलाची नजर नाही. कुणाची आहे ते सांगतो, पण आधी थोडं तांत्रिक.

मऊ उजेड म्हणजे मोठ्या स्रोतातून येणारा उजेड. ढगाळ दिवशी सगळं आभाळच दिवा होतं, म्हणून सावलीच्या कडा विरतात. धूसरपणा ही वेगळी गोष्ट. त्यासाठी लेन्सवर डिफ्यूजन फिल्टर लावतात (पूर्वी नायलॉनचे स्टॉकिंग ताणून बसवायचे!), मग उजळ भाग आजूबाजूला सांडतो आणि बारीक तपशील पुसला जातो. तिसरा मसाला सोनेरी रंगाचा. या तिन्हींची एकत्र पुडी बांधली की झालं "बालपण". स्पेसिफिकेशन न वाचता केलेलं डिझाइन म्हणतात ना, ते हे.

स्पेसिफिकेशन काय सांगतं? नवजात बाळाला धूसर दिसतं, हे खरं. त्याची नजर साधारण ६/१२० च्या आसपास असते आणि २०-३० सेंमीवरचं त्याला त्यातल्या त्यात बरं दिसतं, म्हणजे पाजणाऱ्या आईचा चेहरा. पण हे बाळ शोधत काय असतं? रॉबर्ट फँट्झ या मानसशास्त्रज्ञाने १९६१ मध्ये प्रसिद्ध केलेले प्रयोग पाहा. सपाट रंग आणि नक्षी शेजारी शेजारी ठेवली, तर बाळं नक्षीकडे जास्त वेळ बघतात. त्यांना कडा हव्या असतात. काळं-पांढरं, ठळक, कापल्यासारखं. म्हणजे ज्या कडा फिल्टर पुसून टाकतो, त्यांच्याच शोधात ते बाळ असतं.

पुढे रंग दिसू लागतात, नजर भराभर सुधारते, आणि तीन-चार वर्षांचं पोर आपल्या बरंच जवळ पोचतं. एका बाबतीत तर आपल्या पुढे असतं. दहा वर्षांच्या मुलाला सात-आठ सेंमीवरची वस्तू स्पष्ट दिसते. चाळिशीत तेच अंतर वीस सेंमीच्या पुढे जातं. माझी साडेतीन वर्षांची भाची मुंगी बोटावर घेते आणि थेट नाकाशी नेते. तिला मुंगीच्या मिशा दिसतात. मला तीच मुंगी दाखवायला आली की मी मान मागे घेतो आणि "हो हो, छान आहे" म्हणतो. आता सांगा, धूसर कुणाला दिसतंय?

आणि सोनेरी रंग? डोळ्यातलं भिंग लहानपणी सर्वांत स्वच्छ असतं. वय वाढतं तसं ते पिवळं पडतं, निळा प्रकाश अडवू लागतं. मोतीबिंदू झालेल्या आजोबांना विचारा: सगळं पिवळट, धुक्यातून बघितल्यासारखं, दिव्यांभोवती वलयं. वाचून काही आठवलं? बरोबर. सिनेमात ज्याला बालपणाचा उजेड म्हणतात, ते मोतीबिंदूचं हुबेहूब वर्णन आहे :-)

मग हे आलं कुठून? फोटोंच्या अल्बममधून, असा माझा कयास. बहुतेक माणसांना साधारण तीन-साडेतीन वर्षांच्या आधीचं काहीच आठवत नाही. जे "आठवतं" ते पुष्कळदा फोटोत पाहिलेलं असतं. आणि जुन्या रंगीत प्रिंटमधला निळसर रंग आधी उडतो, म्हणून फोटो तांबूस-पिवळा होतो. म्हणजे एका रासायनिक बिघाडाला आपण भावना समजलो आणि वर तिचा फिल्टर करून विकला.

"अरे, सिनेमा म्हणजे काय डोळ्यांचा दवाखाना आहे का? ही भावना आहे," असं कुणीतरी म्हणणारच. मान्य. पण भावना कुणाची? मोठ्या माणसाची. तसं कबूल करा, मग माझी तक्रार नाही. टेरेन्स मॅलिकच्या 'द ट्री ऑफ लाइफ' (२०११) मध्ये इमॅन्युएल लुबेझ्कीचा उजेड काय कमी सुंदर आहे? पण तिथे एक मोठा माणूस आठवतोय, हे सिनेमा लपवत नाही. आणि जेवणाच्या टेबलावरचा बापाचा संताप त्याच उजेडात दिसतो, पुसला जात नाही.

माझं खरं भांडण पुसण्याशी आहे. आपल्या घराघरांत एक वाक्य आहे: "लहान आहे, त्याला काय कळतंय!" त्याच्यासमोर भांडा, त्याच्यासमोर पिऊन या, कामवाल्या मावशींना वेगळा कप द्या, काही बिघडत नाही. त्याला काय कळतंय! सायीचा तो थर म्हणजे या वाक्याचं छायाचित्रण आहे. मुलाला जग अंधुक आणि गोड दिसतं असं एकदा ठरवलं की त्याने काय काय पाहिलं याची जबाबदारी संपली. प्रत्यक्षात ते पोर तो वेगळा कप बघतं. त्याचा उडालेला टवकासुद्धा बघतं.

ज्यांना हे कळलं, त्यांचे सिनेमे बघा. 'पथेर पांचाली' (१९५५) मध्ये आपला अपू पहिल्यांदा दिसतो तो फाटक्या पांघरुणाच्या भोकातून, नुसता एक डोळा. आणि तो टक्क उघडा! पुढच्याच वर्षीच्या 'अपराजितो'त सुब्रत मित्रांनी स्टुडिओत बांधलेल्या बनारसच्या घरावर पांढरं कापड ताणलं आणि दिवे त्याच्यावर मारून खाली परतवले. मऊ उजेडच की! पण तो चौकावर वरून उतरणाऱ्या आभाळाचा उजेड होता. त्याच घरात अपू वडिलांचं मरण बघतो. मित्रांनी उजेड मऊ केला, नजर नाही.

शॉन बेकरचा 'द फ्लोरिडा प्रोजेक्ट' (२०१७) घ्या. सहा वर्षांची मूनी डिस्ने वर्ल्डजवळच्या जांभळ्या मोटेलमध्ये राहते. ऊन कडक, रंग भडक. ती टबात खेळत असते आणि दाराआड आईचं काय चाललंय ते आपल्याला हळूहळू उमगतं. धुकं नाही, म्हणून पळवाटही नाही.

आणि आपला 'श्वास' (२००४). परशाचा जीव वाचवायचा तर डोळे जाणार, म्हणून शस्त्रक्रियेआधी आजोबा त्याला गुपचूप इस्पितळाबाहेर नेतात, जग दाखवायला. त्या एका दिवसाची किंमत कशात आहे? वातावरणात नाही, वस्तूंत आहे. पोराला प्रत्येक गोष्ट नीट दिसायला हवी, कारण ती पुन्हा दिसणार नाही. त्या दिवसावर सायीचा थर देण्याची कल्पना करून पाहा. पाप वाटेल.

मला तर कुठल्याही मुलाच्या कुठल्याही दिवसावर तो थर दिलेला तितकाच खटकतो. तेव्हा दिग्दर्शक मंडळी, कॅमेरा खाली आणा, मुंगीच्या उंचीवर, आणि तो फिल्टर काढा. तुमचं हरवलेलं घर तुम्हाला सोनेरी दिसत असेल तर खुशाल दाखवा, पण खाली तुमचं नाव लिहा, पोराचं नको.