सहीपूर्वी थांबा

१९९८ साली आमच्या शाखेतल्या शिपायाची दृष्टी अधू झाली. साहेबांनी राजीनाम्याचा कागद पुढे केला. बिचाऱ्याने मुकाट्याने सही केली. १९९५ च्या अपंग कायद्याचे ४७ वे कलम आमच्यापैकी कोणालाच ठाऊक नव्हते! नोकरीत असताना अपंगत्व आले, तर सरकारी आस्थापनेला माणसाला काढता येत नाही, खालच्या पदावर ढकलता येत नाही. जुने काम झेपत नसेल तर त्याच वेतनश्रेणीत दुसरे. तेही नसेल तर तोवर अधिसंख्य पद. पाय गमावलेल्या जवानाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्ये हेच बजावले. आज २०१६ च्या कायद्याचे २० वे कलम तीच हमी देते. घरच्या कर्त्यावर असा प्रसंग आलाच, तर आधी हे कलम दाखवा. राजीनामा लिहू नका.