चोर पाहिजे

'धूम ३' आला २० डिसेंबर २०१३ला. 'धूम ४' अजून यायचाय. या दोन वाक्यांच्या मधल्या मोकळ्या जागेत आपल्या मनोरंजन पत्रकारितेने अख्खा संसार थाटलाय. तिथे अधूनमधून 'धूम ४'साठी एक नवा चोर नेमला जातो. सलमान झाला, शाहरुख झाला, अक्षय झाला, रणवीर झाला. मध्येच कुणाला तरी स्त्री-पुरुष समतेची उचकी लागली आणि दीपिकाला चोरीण करून झालं. २०२४पासून त्या गादीवर रणबीर कपूर बसलाय, किंवा बसवलाय. पटकथेचा पत्ता नाही, तारखेचा पत्ता नाही. पण चोर पक्का! आधी बारसं, मग लग्न, आणि सवड मिळाली तर मुलगी बघायला जाऊ.

न्यायदर्शनाने ज्ञानाची चार प्रमाणं मानली: प्रत्यक्ष, अनुमान, उपमान आणि शब्द. बिचारे गौतम मुनी अंधेरीला कधी आलेच नाहीत. आले असते तर पाचवं प्रमाण हाती लागलं असतं: निकटवर्तीय. हा गृहस्थ एकाच वेळी सगळ्या खानांच्या, सगळ्या कपूरांच्या आणि निर्मात्याच्याही निकट असतो. त्याला नाव नाही, गाव नाही, पण मानधनाचा आकडा मात्र तोंडपाठ. तो सांगतो, 'बोलणी अंतिम टप्प्यात आहेत.' चार आठवड्यांनी तोच सांगतो, 'अशी काही बोलणी झालीच नव्हती.' आणि दोन्ही वेळा मथळ्यात 'एक्सक्लुझिव्ह'! दुसऱ्या बातमीचं शीर्षक तर ठरलेलंच: अफवांना पूर्णविराम. अहो, पण उठवल्या कुणी? ज्याने काडी टाकली तोच बंब घेऊन दारात उभा, आणि वर बक्षिसीची अपेक्षा.

निर्मात्याने तोंड का उघडावं? यशराज फिल्म्सचं मौन उपनिषदाच्या तोडीचं आहे. हा आहे का? नेति. तो आहे का? नेति. जाहिरातीवर दमडी न खर्चता चित्रपटाचं नाव वर्षानुवर्षं लोकांच्या जिभेवर राहत असेल, तर बोलण्याचा आचरटपणा कोण करेल? मोकळं बोलतात ते 'ट्रेड अ‍ॅनालिस्ट'. न लिहिलेल्या चित्रपटाचा पहिल्या दिवसाचा गल्ला सांगणं ही विद्या त्यांनाच जमते. पंचांगवाले निदान ग्रह तरी बघतात.

पण खरी गंमत पुढे आहे. ही एवढी मारामारी कशासाठी? चोर होण्यासाठी! सगळीकडे नायक कोण म्हणून भांडणं होतात; इथे चाहते एकमेकांच्या सात पिढ्या उद्धरतायत, की आमच्याच भाऊंना गुन्हेगार करा. आणि यात चाहत्यांचं काही चुकत नाही. या मालिकेत पोलीस होण्यासारखा दुसरा करंटेपणा नाही.

एसीपी जय दीक्षित यांचं सेवापुस्तक उघडा. २००४: 'धूम'. संशयित कबीर, पिझ्झा पोचवणाऱ्या पोरांची टोळी, मुंबईत दरोडे, मग गोवा. शेवट काय? कबीर मोटरसायकलसकट कड्यावरून समुद्रात. अटक नाही. २००६: 'धूम २'. संशयित आर्यन, नामिबियाच्या वाळवंटात चक्क राणीचं सोंग घेऊन मुकुट पळवणारा. साहेब त्याच्यामागे रिओपर्यंत जातात. शेवट? चोर फिजीत उपाहारगृह चालवतोय, साहेब तिथे पोचतात, चोरलेल्या मालाचा ठावठिकाणा घेतात आणि शुभेच्छा देऊन परत येतात. २०१३: 'धूम ३'. शिकागो. संशयित एकाऐवजी दोन, जुळे. दोघंही धरणावरून उडी मारतात. तीन मोठी प्रकरणं, अनेक खंड, आणि एकाही मुख्य चोरावर दोषारोपपत्र नाही! एवढ्या भांडवलावर एखाद्याला कारणे दाखवा नोटीस आली असती. यांना परदेश दौरे मिळाले. प्रवासभत्त्याची बिलं लेखा विभागात कुणी मंजूर केली, त्या माणसावर मी आनंदाने चित्रपट काढीन. बढतीही नाही, बरं का. नऊ वर्षांनीही एसीपी तो एसीपीच. 'धूम ३'मध्ये ते रिक्षा घेऊन भिंत फोडून प्रवेश करतात, तेव्हा मला तर त्यात साचलेला खात्यावरचा रागच दिसला.

आता चोरांचा आलेख बघा. पहिल्या 'धूम'चा चोर जॉन अब्राहम. आदल्याच वर्षी 'जिस्म'मधून आलेला मॉडेल. त्याच्या निवडीवर कुणी निकटवर्तीय बसवला नव्हता. संजय गढवींचा तो चित्रपट चालला तो मोटरसायकलींच्या घरघरीवर, प्रीतमच्या गाण्यांवर आणि पाठलागांच्या मस्तीवर. पुढची कित्येक वर्षं गल्लीबोळातली पोरं सायलेन्सर काढून लोकांची झोपमोड करत होती, तो त्याचाच प्रसाद. म्हणजे चोरीने चोराला मोठं केलं. 'धूम २'मध्ये हृतिक रोशन, आधीच मोठा, पण निदान चोऱ्या तरी चोरीसारख्या होत्या: वेषांतर, हिरे, पुतळा होऊन उभं राहणं. 'धूम ३'मध्ये आमिर खान. तो इतका मोठा की एका भूमिकेत मावेना, म्हणून दोन. आणि चोरी? नोटा उधळत इमारतीच्या भिंतीवरून पळत उतरणारा माणूस दिसतो. बँक फोडली कशी, हे दाखवायची फारशी तसदी नाही. सर्कस, कर्ज, बापाची आत्महत्या, सूड, अश्रू. सगळं आहे; तिजोरी तेवढी उघडायची राहून गेली. चोर जसजसा फुगला, तसतशी चोरी आटली. तरी तो तेव्हाचा सर्वाधिक कमाईचा हिंदी चित्रपट ठरला, आणि सगळ्यांनी त्यातून नेमका उलटा धडा घेतला: चोर मोठा आणा, बाकी आपोआप होतं.

आता या चोराहून मोठा चोर आणायचा कुठून? या मालिकेचं खरं दुखणं हेच. म्हणून नावांचा हा न संपणारा लिलाव. लिलावात चोरायचं काय, हा प्रश्न कुणी विचारत नाही. कुठली तिजोरी? कसली युक्ती? आज पैसा फोनमध्ये असतो, ओटीपी विचारून पळवला जातो, त्या जमान्यात मोटरसायकलवरून बँक लुटणारा माणूस मुळात कशासाठी बाहेर पडेल? यावर एक अवाक्षर नाही. रणबीरने केस किती वाढवावेत, यावर मात्र चर्चासत्रं.

आणि ताजं ऐका. या वेळी म्हणे पोलीसही बदलणार. उदय चोप्राने 'धूम ३'नंतर अभिनयच सोडला, त्यामुळे दीक्षितांच्या जोडीदाराची, अलीची जागा तशीही रिकामी आहे. पण दीक्षितसाहेबांनाही नारळ? तिन्ही चित्रपटांत इमानेइतबारे हजर राहिलेला माणूस! त्यांच्या जागी कोण येणार, याची यादी निकटवर्तीयाकडे तयार आहेच. साहेबांच्या निवृत्तिवेतनाचं काय, हे त्याला विचारलं तर म्हणेल, बोलणी अंतिम टप्प्यात आहेत.