गाणें कोणाच्या घरची विद्या?

आमच्या शाळेंत चौथीला एक मुलगा आहे. तो कविता म्हणूं लागला म्हणजे शेजारच्या वर्गांतलीं पोरेंही गप्प होतात. यंदा जत्रेच्या नाटकांत त्याला घ्यावा म्हणून मीं त्याच्या बापास विचारलें. बाप म्हणाला, "गुरुजी, गळ्यानं पोट भरतं व्हय? उद्या लोक नाटक्या म्हणतील. अन् गाणं ही काय आपल्या घरची इद्या न्हवं." बाप कष्टाळू शेतकरी आहे, त्याचा मला राग आला नाहीं. परंतु त्याचें शेवटचें बोलणें खरें नाहीं, आणि तें कसें खरें नाहीं हें सांगण्यासाठींच आज लेखणी धरली आहे.

केशवराव भोसले हें नांव कोल्हापूरकडील वाचकांस नवें नाहीं. ९ ऑगस्ट १८९० रोजीं ते कोल्हापुरांत एका गरीब मराठा घरांत जन्मले. बाप लहानपणींच वारला. ज्या वयांत पोराच्या हातीं पाटी यावयाची, त्या वयांत हें पोर 'स्वदेशहितचिंतक' नाटक मंडळींत गेलें. देवलांचें 'शारदा' नाटक १८९९ सालीं रंगभूमीवर आलें होतें. पैशाच्या लोभानें बाप पोरीला थेरड्या नवऱ्याच्या गळ्यांत बांधूं पाहतो, त्या पोरीची ती कथा. त्या काळीं स्त्रियांचीं कामें मुलगेच करीत. केशवरावांनीं लहान वयांत शारदा केली आणि त्यांचें नांव गाजलें. असल्या लग्नांचें दुःख किती घरांनीं मुकाट्यानें गिळलें होतें! त्या दुःखाला एका बिनबापाच्या पोरानें आवाज दिला.

१९०८ सालीं त्यांनीं हुबळीस 'ललितकलादर्श' ही स्वतःची मंडळी काढली, तेव्हां वय अवघें सतरा. मालक झाले तरी शिष्यपण सुटलें नाहीं. रामकृष्णबुवा वझ्यांसारख्या गवयाकडे ते गाणें शिकले. मामा वरेरकरांचें हुंड्याच्या चालीवरील 'हाच मुलाचा बाप' त्यांच्याच मंडळीनें रंगभूमीवर आणलें. ८ जुलै १९२१ रोजीं मुंबईंत 'संयुक्त मानापमान' झालें. धैर्यधर केशवराव, भामिनी बालगंधर्व, आणि उत्पन्न टिळक स्वराज्य फंडाला. दोन तोलाचे नट एका मांडवाखालीं आले म्हणून लोकांची झुंबड उडाली. पुरते तीन महिनेही लोटले नाहींत, तोंच ४ ऑक्टोबर १९२१ रोजीं विषमज्वरानें केशवराव गेले. वय एकतीस.

आतां सांगा, गाणें कोणाच्या घरची विद्या? सुताराचा हात रंध्यावर बसतो तो जातीनें नव्हे, रोजच्या कामानें बसतो. गळ्याचेंही तसेंच आहे. गळा उपजत मिळेल. परंतु ताल, सूर आणि दम हीं मेहनतीचीं फळें आहेत. आणि मेहनतीला आपलीं घरें कधीं भ्यालीं?

मात्र त्या बापाच्या भीतींत अर्धें सत्य आहे, तें झांकून ठेवणें शिक्षकास शोभत नाहीं. केशवरावांचीं शाळेचीं वर्षें तालमींत आणि बिऱ्हाडें हलविण्यांत गेलीं. गळा कीं पाटी, असा सौदा गरिबाच्या पोराला तेव्हां करावा लागे. आज तो करण्याचें कारण नाहीं. सहा ते चौदा वर्षांच्या मुलाला शाळा हा त्याचा हक्क आहे. म्हणून मी म्हणत नाहीं, कीं पोराला शाळेंतून काढून गाण्याला घाला. मी म्हणतों, शाळेंत ठेवा आणि गाऊंही द्या.

शाहू महाराजांनीं कोल्हापुरांत बांधलेलें पॅलेस थिएटर १९१५ सालीं उभें राहिलें. पुढें त्याला केशवरावांचें नांव मिळालें. ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्रीं, त्यांच्या जयंतीच्या आदल्या दिवशीं, तें आगींत जळालें. सारें कोल्हापूर हळहळलें, आणि हळहळणें योग्यच होतें. परंतु जळलेलें नाट्यगृह पैसा ओतून पुन्हां बांधतां येतें. दहाव्या वर्षीं दाबलेला गळा विसाव्या वर्षीं कोणत्या गवंड्यानें बांधावा?

शिक्षकबंधूंनो, आठवड्यांतून एक तास गाण्याला काढा. त्याला पेटी नसली तरी चालतें. आणि बापहो, पोरगं मोटारीच्या धक्क्यावर, गोठ्यांत, बांधावर गात असेल, तर त्याला गप्प करण्यापूर्वीं एकदां नीट ऐका. जत्रेला अजून दोन महिने आहेत. मी त्या बापाच्या दारीं पुन्हां जाणार आहें.