न झालेले खाँसाहेब

दिवाळी तोंडावर आली की आमच्या घरी सौभाग्यवतींच्या हातात झारा येतो आणि माझ्या हातात लाल पेन. तिकडे कढईत चकल्या तळल्या जातात, इकडे मी विद्यार्थ्यांना तळत असतो. यंदा ‘माझा आवडता संगीतकार’ या विषयावर एका चिरंजीवांनी लिहिले होते, “खाँसाहेब आफताब हुसेन बरेलीवाले हे विश्रामपूर संस्थानचे राजगायक होते. त्यांची गाणी आजही घरोघरी ऐकतात.” मी पोट धरून हसलो. समासात लिहिले, ‘विश्रामपूरला कोणती गाडी जाते?’ आणि दहांपैकी दोन गुण देऊन मोकळा झालो.

जाणत्या वाचकांनी खाँसाहेबांना ओळखलेच असेल. १९६७ च्या डिसेंबरात रंगभूमीवर आलेल्या ‘कट्यार काळजात घुसली’ या नाटकातले हे पात्र. ते संस्थान, तो दरबार, ते पंडितजी आणि हे खाँसाहेब, सगळी सृष्टी पुरुषोत्तम दारव्हेकरांच्या कल्पनेतली. चाली बांधल्या जितेंद्र अभिषेकींनी. दोन वैरी घराणी, आणि दोघांचीही गायकी एकाच माणसाने घडवायची! एकच पद त्यांनी पंडितजींसाठी सालगवराळीत बांधले, खाँसाहेबांसाठी धानीत. वसंतराव देशपांड्यांनी खाँसाहेबांना असा गळा दिला की प्रेक्षक घरी जाताना वसंतरावांना विसरून खाँसाहेबांनाच आठवत. वसंतराव १९८३ मध्ये गेले, अभिषेकीबुवा १९९८ मध्ये. खाँसाहेब मात्र २०१५ साली चित्रपटात पुन्हा हजर! जो जन्मलाच नाही, त्याला मरण कुठले?

पेपर परत देताना वर्गात ही गंमत सांगितली. वर्ग हसला. मागच्या बाकावरची एक मुलगी तेवढी हसली नाही. ती कैनाडची. तास संपल्यावर ती टेबलापाशी आली.

“सर, तो माणूस नव्हताच, तरी त्याला नाव आहे. आमच्या तारप्याच्या चाली बांधणारी माणसं तर होती ना? मग त्यांना का नाही?”

मी काहीतरी उत्तर दिले. प्राध्यापकांजवळ असे ‘काहीतरी’ नेहमी शिल्लक असते. पण घरी आल्यावर आठवले, की लोकसाहित्याच्या तासाला गेली वीस वर्षे मीच फळ्यावर लिहीत आलो आहे, ‘कर्ता : अज्ञात’.

रविवारी डहाणूहून एस.टी.ने कैनाडला गेलो. भात पिकले होते. हेच तारप्याचे दिवस. मुलीचे आजोबा अंगणात बसले होते. वाळवलेला दुधी, त्यात बसवलेल्या बांबूच्या दोन नळ्या, सांधे बुजवायला मेण आणि पुढे ताडाच्या पानांचा भोंगा, एवढेच ते वाद्य. पण तोंडाने फुंकता फुंकता नाकाने श्वास घ्यायचा आणि सूर तुटू द्यायचा नाही, हे ज्याला जमले तोच तारपकरी.

“बाबा, ही चाल कोणाची?” मी वही उघडली.

“नारनदेवाची.”

“आणि आधीची?”

“तीबी त्याचीच.”

माझी वही कोरीच राहिली. संध्याकाळी बाया-माणसे कमरेला हात घालून नाचू लागली. आजोबा मध्ये आणि साखळी त्यांच्याभोवती. चाल बदलली की पावले बदलत, पण तारप्याकडे पाठ कोणी फिरवत नव्हते. एका चालीला नात माझ्या कानाशी लागली, “ही आजोबांनीच बसवलीय. आजी सांगते, लग्न झालं त्या वर्षी.”

नाच थांबल्यावर मी आजोबांना छेडलेच. ते ओशाळले. मग तोंड पुसत म्हणाले, “माझी म्हटली तर माझ्यासंगं जाईल, मास्तर. देवाची म्हटली म्हंजे पोरं वाजवतील.”

“वाजवतात का पोरं?”

ते गप्प झाले. मुलगा बोईसरला कारखान्यात पाळीवर जातो. लग्नाला आता डीजे येतो. चाल देवाच्या नावावर चढवली, तरी ती वाजवायला माणसाचीच छाती लागते.

गंजाडच्या जिव्या सोमा मशे यांना २०११ मध्ये पद्मश्री मिळाली. वारली चित्रांत नाचाचे वेटोळे असते, त्याच्या मधोमध तारपकरी असतो. जव्हारकडच्या भिकल्या लडक्या धिंडा या तारपावादकाला २०२६ साली तोच सन्मान जाहीर झाला, तेव्हा चित्राच्या मधोमध उभ्या असलेल्या त्या माणसाला साऱ्या देशापुढे एक नाव मिळाले. पण त्यांच्या मागे, वेटोळ्याच्या आत, कितीजण उभे असतील!

कैनाडच्या आजोबांचे नाव मी इथे छापत नाही. तशी त्यांचीच ताकीद आहे. नातीच्या वहीत मात्र ते आहे, त्या चालीसमोर, तिच्या अक्षरात. आणि नातवाला हाताशी बसवून ती चाल शिकवायला आजोबांनी होकार दिला आहे.

त्या चिरंजीवांचे दोन गुण मी पाच केले. त्याची चूक त्याने मनापासून केली होती. माझी मी सवयीने केली होती. आता फळ्यावर ‘अज्ञात’ पुसून मी लिहिणार आहे, ‘कर्ता : आम्ही विचारले नाही’.

वाचकहो, यंदा पाडव्याला फराळाचे ताट पुढे आले की घरातल्या आजीला एवढेच विचारा : ती गुणगुणते ती ओवी कोणाची? ती म्हणेल, “कोणाची म्हणजे? सगळ्यांचीच.” तेवढ्यावर उठू नका. आणखी एकदा विचारा.