पाठमोरे महाराज

दिल्लीच्या कोपर्निकस मार्गाचे पूर्वीचे नाव लिटन रोड. 1 जानेवारी 1877 रोजी दिल्लीत दरबार भरवून व्हिक्टोरिया राणीस हिंदुस्थानची सम्राज्ञी म्हणून घोषित करणारे ते हे लिटनसाहेब. याच मार्गावर आज दूरदर्शन भवन आहे आणि इंडिया गेटकडील टोकाशी बडोदा हाउस, म्हणजे सध्याची उत्तर रेल्वेची कचेरी. राजवाडा आणि चलच्चित्र असे शेजारी नांदत असता, बडोद्याच्या राजाचे जे चलच्चित्र जगभर गाजले त्याविषयी आपल्या मंडळींत रूढ झालेल्या एका सोयीस्कर समजाचा समाचार घेणे आम्हांस अगत्याचे वाटते.

12 डिसेंबर 1911 च्या दिल्ली दरबारात संस्थानिकांनी पंचम जॉर्ज बादशहांना मुजरे केले. निजामांच्या मागोमाग सयाजीराव गायकवाड पुढे आले, एकदाच लवले आणि पाठ फिरवून चालते झाले. अनेक कंपन्यांचे कॅमेरे तेथे फिरत होते. ती दृश्ये लंडनच्या पडद्यावर झळकली आणि राजद्रोहाचा एकच गिल्ला झाला. आज आपली मंडळी तीच फीत दाखवून म्हणतात, 'पाहा, महाराजांनी साम्राज्याला पाठ दाखविली!'

म्हणजे इंग्रजांनी ज्या पुराव्यावर आरोप रचला, त्याच पुराव्यावर आपण गौरव रचतो. निवाडा तेवढा उलटा, साक्षीदार तोच! महाराजांनी व्हाइसरॉय हार्डिंग यांस पत्र लिहिले होते: आपल्यापूर्वी एकटे निजामच गेले होते, एवढ्या समुदायापुढे आपण गोंधळलो, अवमानाचा हेतू नव्हता. ते पत्र त्याच वेळी प्रसिद्धही झाले. ते दडपणाखाली लिहिले, असे कोणी म्हणेल. खुशाल म्हणावे, पण पत्र लोकांपुढे ठेवून म्हणावे. एक कागद काढून घेतलेल्या फाइलीवर निर्णय देऊ नये, एवढे आम्हां कारकुनांसही कळते.

'डोळ्यांनी दिसते ते खोटे कसे?' असे विचारणाऱ्यांनी या मार्गाच्या नव्या नावाकडे पाहावे. सूर्य पृथ्वीभोवती फिरतो, हेही डोळ्यांनाच दिसत होते. फितीत पाठ दिसते, मन दिसत नाही.

आणि आपली स्वतःची फीत कोठे आहे? कर्झनसाहेबांचा 1903 चा दरबार आपल्या सावेदादांनी, हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, टिपला होता. ती फीत आज नाही. आपल्या माणसाने पाहिलेला दरबार आपण गमावला आणि परक्याने पाहिलेला उराशी धरला!

सयाजीरावांना या काही क्षणांच्या उसन्या पराक्रमाची गरज नाही. 1906 मध्ये त्यांनी आपल्या राज्यात प्राथमिक शिक्षण सक्तीचे केले. त्यांच्या कलाभवनात दादासाहेब फाळके शिकले. 1913 मध्ये बाबासाहेब आंबेडकर त्यांच्याच शिष्यवृत्तीवर कोलंबिया विद्यापीठात गेले. यांपैकी कशालाही टाळ्या पडत नाहीत, कारण शाळेत जाणारे पोर पडद्यावर पाठ फिरविताना दिसत नाही.

आमचे मागणे साधे आहे. ती फीत जरूर दाखवावी. पण निजामांच्या मुजऱ्यापासून दाखवावी, खाली तारीख आणि चित्रण करणाऱ्या कंपनीचे नाव द्यावे आणि महाराजांचे पत्र वाचून दाखवावे. त्यानंतरही ज्यास टाळ्या वाजवावयाच्या असतील त्याने त्या वाजवाव्यात.