आस्मानी म्हणून मोकळे होऊ नका

जळगाव जामोदच्या उत्तरेला सातपुडा, दक्षिणेला पूर्णाकाठचा खारपाणपट्टा. तिथल्या विहिरींचे पाणी तोंडात धरवत नाही. आपले गोडे पाणी मुख्यतः सातपुड्याच्या पायथ्याशी, दगडगोट्यांच्या थरांत मुरते. त्याच पट्ट्यात आपण बोअरमागून बोअर घेतो आणि वर डोंगरावर कुऱ्हाड चालते. उघड्या उतारावर पाणी मुरायला थांबत नाही, मातीच घेऊन खाली धावते. जुलै २०२३ मध्ये आपल्या आणि संग्रामपूर तालुक्यातली शेते खरवडून गेली, तेव्हा आपण त्याला आस्मानी संकट म्हटले. पाऊस आस्मानी होता, कबूल. उतार उघडा कोणी केला? पिकांचे पंचनामे मागितले, जंगलाचा कोणी मागितला नाही. मीही नाही. पंचायत समितीच्या येत्या आमसभेत मी तो मागणार आहे.