टेस्ट ड्राईव्ह पंधरा मिनिटांची, हप्ता सात वर्षांचा : उपनगरात नेक्सॉनसारखी गाडी तपासायची तरी कशी?

शनिवारी सकाळी अंधेरी पश्चिमेला लिंक रोडवरच्या कुठल्याही शोरूमबाहेर थोडा वेळ उभं राहा. नवरा-बायको, एखादं शाळकरी पोर आणि कधी सोबत आजोबा असं कुटुंब डेमो गाडीत बसतं. पहिल्या चौकापर्यंत सेल्समनच गाडी चालवतो, मग जागा बदलतात, पुढच्या सिग्नलला यू-टर्न घेतात आणि गाडी परत शोरूमच्या दारात येते. हे सगळं पंधरा मिनिटांत उरकतं. तेवढ्यात सनरूफ उघडून झालेलं असतं, टचस्क्रीनवर गाणं लावून झालेलं असतं आणि टेबलावर बुकिंगचा फॉर्म तयार असतो.

मध्यमवर्गीय घरात फ्लॅटनंतरची सर्वांत मोठी खरेदी गाडीचीच असते. बारा-पंधरा लाखांची, सात वर्षं हप्ते फेडत राहायची वस्तू रिकाम्या रस्त्यावरच्या पंधरा मिनिटांत पसंत केली जाते, आणि ती चालवायची असते साकीनाक्याला संध्याकाळी सात वाजता.

हा प्रश्न आत्ता जास्त महत्त्वाचा झालाय, कारण गर्दी वाढली आहे. २२ सप्टेंबर २०२५ पासून जीएसटीचे नवे दर लागू झाले. छोट्या पेट्रोल गाड्यांवर सेस धरून २९ टक्के आणि डिझेलवर ३१ टक्के कर होता, तो थेट १८ टक्के झाला. टाटा मोटर्सने नेक्सॉनची किंमत १ लाख ५५ हजार रुपयांपर्यंत कमी केल्याचं जाहीर केलं, आणि त्याच महिन्यात २२ हजारांहून जास्त नेक्सॉन विकल्या गेल्या. तो महिना देशात सर्वाधिक खपणाऱ्या गाडीचा मान पुणे जिल्ह्यातल्या रांजणगावात बनणाऱ्या या गाडीला मिळाला.

पण नेक्सॉन 'छोटी गाडी' कशी? उंच बॉनेट, रुंद खांदे, मोठी चाकं, बघताना तरी ती छोटी वाटत नाही. याचं उत्तर २००६ च्या अर्थसंकल्पात आहे. तेव्हाचे अर्थमंत्री पी. चिदंबरम यांनी छोट्या गाड्यांवरचं उत्पादन शुल्क २४ वरून १६ टक्क्यांवर आणलं आणि छोटी गाडी म्हणजे काय हेही ठरवून टाकलं : लांबी चार मीटरच्या आत, पेट्रोल इंजिन १२०० सीसीपर्यंत, डिझेल १५०० सीसीपर्यंत. पुढे उत्पादन शुल्क गेलं, जीएसटी आला, सेस आला आणि गेला, पण ही व्याख्या टिकली. नेक्सॉनची लांबी ३९९५ मिलिमीटर आहे, म्हणजे मर्यादेपेक्षा फक्त पाच मिलिमीटर कमी. पेट्रोल इंजिन ११९९ सीसी, डिझेल १४९७. गाडीचा आराखडा इंजिनिअरने काढला, पण त्याच्या कडा अर्थमंत्रालयाने आखून दिल्या, असं म्हटलं तर फार चुकणार नाही.

याच वर्गात मारुतीची ब्रेझा आहे. तीही ३९९५ मिलिमीटरचीच, पण तिचं पेट्रोल इंजिन १४६२ सीसीचं आहे, त्यामुळे तिच्यावर १८ नव्हे तर ४० टक्के जीएसटी लागतो. सोसायटीच्या पार्किंगमध्ये दोन्ही गाड्या शेजारी उभ्या केल्या तर सारख्याच जागेत मावतील, करात मात्र २२ टक्क्यांचा फरक.

हा तांत्रिक तपशील वाटेल, पण टेस्ट ड्राईव्हला बसल्यावर तोच पायाखाली जाणवतो. सव्वा टनाच्या आसपास वजनाची गाडी १२०० सीसीच्या आत ओढायची, तर बहुतेक कंपन्या तीन सिलिंडरचं इंजिन घेतात आणि त्याला टर्बो लावतात. नेक्सॉनचं पेट्रोल इंजिन असंच आहे, ताकद १२० पीएस. इंजिनाने थोडी फिरकी घेतली की टर्बो जागा होतो आणि गाडी झेपावते. सकाळी मोकळ्या पश्चिम द्रुतगती महामार्गावर हे फार छान वाटतं. पण इंजिन कमी फिरत असताना टर्बो अर्धा झोपेतच असतो. दहा-पंधराच्या वेगाने सरकायचं, रिक्षा आडवी आली की थांबायचं, पुन्हा सरकायचं, असं चालतं तिथे गाडी आधी दमल्यासारखी आणि मग एकदम उडी मारल्यासारखी वागते का, हे बघायला हवं. ब्रेझाचं मोठं, बिनटर्बोचं इंजिन महामार्गावर थरार देत नाही, पण गर्दीत त्याचा स्वभाव सरळ असतो. ४० टक्क्यांच्या कराचा थोडा मोबदला तिथे मिळतो.

म्हणून टेस्ट ड्राईव्हची वेळ शोरूमने ठरवू देऊ नये. सेल्समन सकाळी अकराला बोलावतो, आपण संध्याकाळी सात सांगावं. मार्गही स्वतः निवडावा. अंधेरीकराने जोगेश्वरी-विक्रोळी लिंक रोड घ्यावा, बोरिवलीकराने एस. व्ही. रोड, घाटकोपर-मुलुंडवाल्याने एलबीएस मार्ग, जिथे डबल पार्किंग, बस आणि मध्येच उघडणारे गाड्यांचे दरवाजे या सगळ्यांतून वाट काढायची असते. वेग बघायचाच असेल तर मुलुंडहून पूर्व द्रुतगती महामार्गाने ठाण्याकडे जाऊन परत यावं. १४ ऑक्टोबर २०२४ च्या मध्यरात्रीपासून मुंबईच्या पाचही प्रवेशनाक्यांवर हलक्या वाहनांचा टोल माफ आहे, त्यामुळे 'टोल कोण भरणार' हा सेल्समनचा बहाणाही उरलेला नाही.

गर्दीत सगळ्यात जास्त परीक्षा ऑटोमॅटिक गिअरची होते, आणि नेमकी इथेच लोकांची फसगत होते, कारण 'ऑटोमॅटिक' या एका शब्दाखाली तीन-चार वेगळ्या गोष्टी विकल्या जातात. नेक्सॉनमध्येच दोन आहेत. स्वस्तातली एएमटी, म्हणजे आतला गिअरबॉक्स मॅन्युअलचाच, फक्त क्लच दाबायचं आणि गिअर टाकायचं काम यंत्र करतं. ती गिअर बदलताना मान हलकीशी पुढे झुकते. काहींना दोन दिवसांत सवय होते, काहींना दोन वर्षांतही होत नाही. महागातली डीसीए, दोन क्लचची, जास्त गुळगुळीत. दोन क्लचच्या गिअरबॉक्समध्ये गर्दीत क्लच तापण्याची तक्रार जुनी आहे. टाटाच्या डीसीएमध्ये क्लच तेलात असतो, त्याने ही उष्णता काबूत राहते. ब्रेझा, महिंद्राची एक्सयूव्ही ३एक्सओ आणि स्कोडाची कायलॅक यांच्यात टॉर्क कन्व्हर्टर आहे. ही पद्धत जुनी, थोडी जास्त तेल पिणारी, पण रांगेत सरकायला सगळ्यांत शांत. कोणती बरी हे वाचून कळत नाही. चढावर, पुढे-मागे गाड्या असताना थांबायचं आणि ब्रेकवरचा पाय काढायचा. गाडी मागे सरते का, पुढे धक्का बसतो का, हे एका मिनिटात कळतं. उड्डाणपुलाचा तुंबलेला चढ यासाठी उत्तम, आणि उपनगरात असा चढ शोधावा लागत नाही.

आता गाडी घरी आणू. खरा घोळ तिथेच होतो.

मुंबईची टॅक्सी म्हणून ओळखली गेलेली प्रीमियर पद्मिनी कुर्ल्याच्या कारखान्यात बनायची. तीही चार मीटरच्या आतच होती, पण रुंदी दीड मीटरच्या आत. नेक्सॉनची रुंदी १८०४ मिलिमीटर, तीही आरसे न धरता. म्हणजे लांबी जवळपास तेवढीच आणि रुंदी फूटभर जास्त. सरकारने लांबीवर कात्री लावली, रुंदी आणि उंचीवर नाही, म्हणून गाड्या आडव्या आणि उभ्या वाढल्या. (योगायोग असा की चार मीटरच्या आतली एसयूव्ही भारतात सगळ्यांत आधी आणणाऱ्यांत हीच प्रीमियर कंपनी होती. २००९ मध्ये तिने 'रिओ' आणली, पण ती फारशी चालली नाही. फोर्डची इकोस्पोर्ट २०१३ मध्ये आली आणि मग बाजार पालटला.)

विलेपार्ले, घाटकोपर, मुलुंडच्या जुन्या सोसायट्यांची फाटकं आणि इमारतींच्या खांबांमधली अंतरं पद्मिनीच्या काळातली आहेत. गाडी खांबांमध्ये शिरते, पण दार उघडून उतरता येत नाही, असं होतं. पुनर्विकास झालेल्या इमारतींत दुसरी अडचण आहे. तिथे अनेकदा यांत्रिक स्टॅक पार्किंग असतं, आणि त्याच्या प्रत्येक ताटाला उंचीची आणि वजनाची मर्यादा असते. खालचा कप्पा सेडानच्या मापाने बनवलेला असेल तर एसयूव्ही आत जात नाही. नेक्सॉनची उंची १६२० मिलिमीटर, ३एक्सओची १६४७, ब्रेझाची १६८५. बलेनोच्या पायावर उभी असलेली फ्रॉन्क्स १५५० मध्ये बसते. सेंटिमीटरचे हे फरक शोरूममध्ये कोणी बोलत नाही, पण गाडी रोज रात्री कप्प्यात ठेवायची की रस्त्यावर, हे त्यावर ठरतं. मे २०२५ मध्ये परिवहन मंत्री प्रताप सरनाईक यांनी पार्किंगचा दाखला असल्याशिवाय नव्या गाडीची नोंदणी होणार नाही, असं धोरण आणण्याची घोषणा केली होती. ते धोरण कसंही येवो, मोजपट्टी घेऊन खाली उतरायला कोणाच्या आदेशाची गरज नाही. त्याहून सोपं म्हणजे 'होम टेस्ट ड्राईव्ह' मागायची. बहुतेक शोरूम डेमो गाडी घरापर्यंत आणतात. ती आपल्याच जागेत लावून बघायची, आणि मागच्या सीटवर आजी-आजोबांना बसवून उतरवून बघायचं.

पावसाळ्याचं काय? अंधेरी सबवे दर पावसाळ्यात पाण्याखाली जातो आणि बंद होतो, तेव्हा 'ग्राउंड क्लिअरन्स किती' हा प्रश्न प्रत्येक गिऱ्हाईक विचारतोच. नेक्सॉनचा आकडा २०८ मिलिमीटर सांगितला जातो. पण काही कंपन्या हा आकडा रिकाम्या गाडीचा देतात, काही भरलेल्या गाडीचा, त्यामुळे ब्रोशरमधले दोन आकडे समोरासमोर ठेवण्यात अर्थ नसतो. शिवाय ग्राउंड क्लिअरन्स म्हणजे पाण्यातून जायची खोली नव्हे. खड्ड्यात आणि गतिरोधकावर तो उपयोगी पडतो. साचलेल्या पाण्यात प्रश्न असतो इंजिनात हवा जिथून शिरते तिथवर पाणी पोचतं का याचा. एकदा पाणी इंजिनात गेलं आणि कोणी पुन्हा स्टार्टर मारला, तर इंजिन जातं आणि साध्या विम्यात ते नुकसान मिळत नाही. त्यासाठी इंजिन प्रोटेक्शनचं वेगळं कलम घ्यावं लागतं. या शहरात ॲलॉय व्हीलआधी पैसे तिथे जायला हवेत.

मायलेजचा आकडाही असाच फसवा. नेक्सॉन पेट्रोलसाठी लिटरला साधारण १७ किलोमीटर हा प्रमाणित आकडा आहे. ही चाचणी रस्त्यावर होत नाही, रोलरवर, ठरावीक वेळापत्रकाने आणि एसी बंद ठेवून होते. एसी लावून साकीनाक्याला पाच मिनिटं उभ्या असलेल्या गाडीचं त्या पाच मिनिटांतलं मायलेज शून्य असतं. त्यात आता पंपावर मिळतं ते २० टक्के इथेनॉलचं पेट्रोल, आणि इथेनॉलमध्ये पेट्रोलच्या मानाने लिटरमागे एक तृतीयांश ऊर्जा कमी. टेस्ट ड्राईव्ह सुरू करताना मीटरवरचा ट्रिप शून्य करायला सांगावं आणि गर्दीतल्या आठ-दहा किलोमीटरनंतर आकडा बघावा. तो अचूक नसेल, पण ब्रोशरपेक्षा घरच्या हिशेबाला जास्त उपयोगी पडेल.

एक गोष्ट मात्र चालवून कधीच कळणार नाही, ती म्हणजे अपघातात गाडी कशी वागेल. दार 'धप्प' असं जड वाजतं म्हणजे गाडी भक्कम, हा समज चुकीचा आहे. डिसेंबर २०१८ मध्ये नेक्सॉन ग्लोबल एनकॅपच्या चाचणीत पाच तारे मिळवणारी पहिली भारतीय बनावटीची गाडी ठरली, आणि तेव्हापासून इथलं गिऱ्हाईक ताऱ्यांबद्दल विचारायला लागलं. १ ऑक्टोबर २०२३ पासून भारत एनकॅप ही देशी चाचणी सुरू झाली. त्यात गाडी ताशी ६४ किलोमीटरने समोरून आदळवतात. नेक्सॉन, ३एक्सओ आणि कायलॅक या तिघींना तिथे पाच तारे आहेत. हा निकाल घरी बसून, फॉर्म भरायच्या आधी वाचता येतो.

डेमो गाडी जवळजवळ नेहमीच सगळ्यांत महागड्या व्हेरियंटची असते. बुकिंग होतं मधल्याचं. टायर, सीट, कॅमेरा, कधी गिअरबॉक्ससुद्धा वेगळा. 'मी घेणार आहे तेच व्हेरियंट चालवायला द्या' असं म्हटलं की सेल्समनचा चेहरा थोडा पडतो, पण अडून राहावं. व्हेरियंट ठरवताना आरटीओचा हिशेबही डोक्यात हवा. महाराष्ट्रात वैयक्तिक पेट्रोल गाडीवर दहा लाखांपर्यंत ११ टक्के आणि त्यावर वीस लाखांपर्यंत १२ टक्के रोड टॅक्स आहे, आणि तो पूर्ण किमतीवर लागतो. ९ लाख ९० हजारांच्या गाडीला १ लाख ८ हजार ९०० रुपये, १० लाख १० हजारांच्या गाडीला १ लाख २१ हजार २०० रुपये. वीस हजारांच्या सनरूफवर साडेबारा हजारांच्या जवळपास कर बसला, हे अंधेरीच्या एमएच-०२ ची किंवा बोरिवलीच्या एमएच-४७ ची पाटी लागल्यावर कळून उपयोग नाही.